बेसमेंटातला कॅमेरावाला

त्या दिवशी लायब्ररीच्या हॉलात कोण कोण होतं ते आधी सांगून टाकते, म्हणजे मागनं कुणी म्हणायला नको की म्हातारी मनानं रचून सांगते. माझा मुलगा महेश होता. सून प्राजक्ता होती. शेजारची पंजाबी बीबी होती. लायब्ररीतली ती उंच बाई होती, गळ्यात चावी अडकवलेली, दिव्यांची बटणं तिच्या हातात. पहिल्या रांगेत आमच्या भाडेकरू म्हाताऱ्याचे पाच-सहा दोस्त होते, सगळे काठ्या टेकत आलेले, एकाला ऐकू येत नाही, एकाला दिसत नाही, आणि राहिलेल्यातले दोघं एकमेकांशी बोलत नाहीत. आणखी वीसेक गोरी माणसं होती, ती पिक्चरला आली होती का पावसातनं आत शिरली होती ते देव जाणे. मी होते. आणि तो होता, आमच्या बेसमेंटात राहणारा फ्रेंच म्हातारा, ज्याच्यापायी हे सगळं झालं.

तर एवढ्या मोठ्या कॅनडात याच्यासारखा तापदायक माणूस दुसरा नसेल, हे मी कुठंही उभी राहून सांगीन. मी माणसं कमी नाही बघितली. निम्मी जिंदगी जत्रांमध्ये गेली माझी. तमाशातली बघितली, सर्कशीतली बघितली, दारू पिऊन तंबूचे दोर कापणारी बघितली. पण भल्या सकाळी दुसऱ्याच्या घरातली तुळस उचलून बाजूला ठेवणारा, आणि वर मलाच गप्प राहायला सांगणारा माणूस मी इथंच बघितला.

महेशनं व्हँकुव्हरला हे घर घेतलं तेव्हा हा आधीपासूनच खाली राहत होता. घराबरोबर घर गरम करायची फर्नेस आली, पाणी तापवायची टाकी आली, तसा हा आला. आधीच्या मालकानं जाताना महेशला एवढंच सांगितलं, "ही इज नो ट्रबल." त्या मालकाला मी अजून शोधतेय. उंच, वाळका, पांढरे केस मानेवर आलेले, आणि डोळे असे की आपल्याकडं बघतोय का आपल्या मागच्या भिंतीवरच्या उन्हाकडं ते कळायचं नाही. उन्हाकडंच बघत असायचा.

आमची प्राजक्ता पुण्याची. तिकडं मार्क पडतात म्हणून शाळेत पोरं फ्रेंच घेतात. हिला पैकीच्या पैकी होते. महेश कौतुकानं म्हणाला, "बेसमेंटशी आता तूच बोल." पहिल्याच दिवशी म्हातारा अर्धा तास बोलला आणि ही वर येऊन सोफ्यावर पडली. म्हणाली, "आई, आमच्या पुस्तकातला माणूस फक्त स्टेशन कुठं आहे ते विचारायचा हो." मग थोडं त्याचं फ्रेंच, थोडं हिचं, मध्ये दोघांचं इंग्लिश, असं करत करत तिनं मला त्याची सगळी कहाणी काढून दिली. ऐकून मला रागच आला. पोरगा असताना फ्रान्सात कुणाच्या तरी हाताखाली कॅमेऱ्याची तिपाई वाहायचा. मग स्वतः कॅमेरा धरला, दुसऱ्यांच्या पिक्चरचं शूटिंग केलं, चांगलं केलं म्हणे. तिथं थांबायचं की नाही? नाही. म्हणाला, मला लिहायचंय. दोन वर्षं कॅमेरा कपाटात. लिहिलेलं कुणी घेईना म्हणून पिक्चर स्वतःच काढला. तो हसायचा होता, कुणी हसलं नाही. मग रडायचा काढला, त्यात लोक हसले. कॅनडात आला तो तीन आठवड्यांसाठी, बर्फाचं शूटिंग करायला. बर्फ वितळून गेलं, हा राहिला. इकडं मासे अंडी घालायला नदीतनं उलटे वर चढतात, त्यांच्यासाठी सहा महिने कंबरभर पाण्यात उभा राहिला. बायको त्याच वर्षी सोडून गेली. मी असते तर पहिल्या महिन्यातच गेले असते. पुढं कुत्र्यांच्या खाण्याच्या जाहिराती केल्या, पोरांसाठी बाहुल्यांचा कार्यक्रम लिहिला, अमेरिकेतल्या पिक्चरवाल्यांना व्हँकुव्हरचा रस्ता न्यूयॉर्कसारखा करून दिला.

"एकच काम धरलं असतं तर आज वरच्या मजल्यावर राहिला असता," म्हणलं मी. प्राजक्तानं ते त्याला सांगितलं, सांगू नको म्हणलं तरी. तो म्हणाला, "मादामला सांग, वरच्या मजल्यावर उजेड फार. मला कमी उजेड बरा. कमी असला की डोकं चालतं." आता याला काय बोलायचं?

तीन कामं करतो म्हणून याच्या तऱ्हा पण तीन. लिहिताना निळी लोकरीची टोपी. शूटिंगला कॅप, उलटी घातलेली. आणि डायरेक्टर असला की डोकं उघडं, गळ्यात लाल मफलर. या तिघांचं एकमेकांशी अजिबात पटत नाही. एकदा दुपारी खालनं भांडणाचा आवाज आला, आता मारामारी होणार असा. म्हणलं कुणीतरी घरात घुसलं, म्हाताऱ्याला मारतंय. लाटणं घेऊन खाली गेले. बघते तर हा एकटाच. मफलर काढून कॅप घालत होता आणि रिकाम्या खुर्चीकडं बोट करून ओरडत होता. प्राजक्ता मागनं धावत आली, तिनं जरा ऐकलं आणि भिंतीला टेकून हसत खालीच बसली. कॅमेरावाला डायरेक्टरला म्हणत होता, गाढवा, खिडकीसमोर माणूस उभा केलास तर त्याचं तोंड काळं दिसणार. मग मफलर घालून डायरेक्टर म्हणाला, तसं लिहिलंय, लिहिणाऱ्याला विचार. लिहिणाऱ्याची टोपी टेबलावर पडलेली, ती काय बोलणार? मी विचारलं, "मग शेवटी कोण जिंकलं?" म्हातारा माझ्या हातातल्या लाटण्याकडं बघून म्हणाला, "आता प्रोड्यूसर आलाय. सगळे गप्प."

माझ्याकडनं तो दोन शब्द शिकला, 'उजेड' आणि 'परत'. त्या दोन शब्दांवर त्यानं मला तीन वर्षं राबवलं. दुपारी मी त्याला डबा न्यायचे. एकटा माणूस, चीज खाऊन राहायचा, आणि त्या चीजचा वास जिन्यानं वर येऊन माझ्या देवघरात बसायचा, त्यापेक्षा पिठलं-भात दिलेला बरा. तर मी जिना उतरून खाली पोचले की आतनं ओरडायचा, "परत, मादाम!" म्हणजे वर जा आणि पुन्हा उतर. का, तर पायरीवर ऊन आलंय आणि माझी सावली छान पडली. ऊन त्याचं, गुडघे माझे. दोनदा, तीनदा. तोवर पिठल्याची वडी व्हायची. ती पण खायचा, वर म्हणायचा, आज जास्त चांगलं झालंय.

तुळशीचं सांगितलंच. स्वैपाकघराच्या खिडकीत तेवढं ऊन येतं, तिथं मी तिला जीव लावून जगवलेली. एका सकाळी बघते तर तुळस फ्रिजच्या आडोशाला, आणि हा मागच्या अंगणात तिपाई लावून उभा. मी दार उघडून म्हणलं, "अहो दादा, तुळस का हलवली?" तर ओठावर बोट ठेवून मलाच गप्प केलं. शूटिंग झाल्यावर हात जोडत आला. म्हणाला, तुमचं झाड फार देखणं आहे, हीच अडचण. लोक त्याच्याकडंच बघत बसतील. दारावरच्या दिव्याचं असंच. दिवा फार पांढरा, त्यात माणसं आजारी दिसतात म्हणे, म्हणून त्यावर माझा तांबडा लोकरीचा मोजा चढवला. महेश म्हणाला, "आई, एलईडी आहे, जळत नाही, राहू दे." राहू दे काय? एक पाय गार ठेवून मी अख्खा हिवाळा काढला.

बर्फ पडलं की तर बघायलाच नको. इथं बर्फ कमी, पण पडलं की सकाळीच फुटपाथ शोव्हल करायला लागतो, नाहीतर सिटीवाले बोलतात. महेश फावडं घेऊन निघाला तर हा दारात आडवा. "कुणी पाय ठेवायचा नाही!"

"सर, आय हॅव अ मीटिंग."

"मीटिंग उद्या पण असेल. हे बर्फ उद्या असेल का?"

माझा मुलगा, एवढा शिकलेला, हाताखाली माणसं असलेला, फावडं खांद्यावर टाकून अर्धा तास तसाच उभा. शेवटी काय शूट केलं ते त्यानं आम्हाला दाखवलं. बर्फ नव्हतंच त्यात. फावडं घेऊन उभा असलेला महेश होता. "काय सुंदर राग होता तोंडावर," म्हणाला.

हे सगळं मी सोसलं असतं. माझ्या घरात धाकटा दीर असता तर याहून कमी त्रास दिला नसता. पण याचं खरं वेड नावांचं. इकडचा पिक्चर संपला की पडद्यावर बारीक बारीक नावं वर सरकत जातात, मुंग्यांच्या रांगेसारखी. कोण कॅमेरावाला, कोण शिंपी, कोण जेवण आणणारा. ती सुरू झाली की लोक उठतात. उठणारच की. दोन तास बसलेली असतात. एकदा यानं हौसेनं मला आणि प्राजक्ताला थेटरात नेलं. पिक्चर संपला, आणि हा पहिल्या रांगेतनं उठून पडद्याकडं पाठ करून उभा. लोकांकडं बघतोय. लोक कोट घालायला लागले तसा पळत दाराशी गेला आणि हात पसरून उभा राहिला. "सिट डाउन! सिट डाउन!" बायका म्हणतात वॉशरूम, पोरं रडायला लागली, एका दांडग्या माणसानं याला दोन्ही खांद्यांना धरून खुर्ची सरकवावी तसा बाजूला ठेवला. मॅनेजर आला. प्राजक्तानं सॉरी सॉरी करत आम्हाला बाहेर काढलं. मी रागानं लाल झाले होते. गाडीत म्हणलं, "लाज वाटायला पाहिजे या वयात!"

 त्यावर तो बोलला ते प्राजक्तानं गाडी चालवत चालवत सांगितलं. म्हणाला, "चाळीस वर्षं मी पिक्चरच्या शेवटी लोकांच्या पाठी बघतोय. या गावातल्या सगळ्या पाठी मला ओळखू येतात." एका पिक्चरसाठी उत्तरेच्या थंडीत त्याच्या पायाची दोन बोटं गेली. त्यातलं त्याचं नाव वाचताना त्यानं एक माणूस बघितला नाही. त्याला बाकी काही नको होतं, बक्षीस नको, हार नको. मरायच्या आधी एकदा, स्वतः काढलेल्या पिक्चरच्या शेवटी, खोलीभर माणसं नावं संपेपर्यंत बसलेली बघायची होती. तोंडं बघायची होती त्यांची. "एवढंच?" म्हणलं मी. "एवढंच," म्हणाला. आणि मी गप्प बसले, कारण मला माझं एक आठवलं होतं, आणि ते याला कळता कामा नये असं मी तिथंच ठरवलं.

पण माझंच तोंड. पुढच्या पावसाळी वाऱ्यात मागच्या जिन्यावरची ताडपत्री फाटली. महेश म्हणाला नवीन आणतो. मी म्हणलं कशाला, आणि ट्रंकेतनं दाभण काढलं, सुतळी घेतली, जिन्यात बसून शिवायला लागले. म्हातारा बाहेर आला. 'उजेड' म्हणाला नाही, 'परत' म्हणाला नाही. नुसता बघत उभा राहिला. मग प्राजक्ताला हाक मारून विचारलं, हे कुठं शिकल्या? मी सांगितलं. महेशचे वडील तंबू टॉकीजमध्ये ऑपरेटर होते, पिक्चरचं मशीन चालवायचे. जत्रा असेल तिथं तंबू लावायचा, जत्रा संपली की गुंडाळायचा, ट्रकवर बसायचं, पुढची जत्रा. वादळात तंबू फाटला की शिवायचं काम माझं. बोटं सोलून निघायची, हळद लावायची, पुन्हा शिवायचं. महेश ट्रकवरच रांगायला शिकला. त्याच्या आधीची मुलगी तापानं गेली, एका मुक्कामाच्या गावात. त्या गावाचं नाव मला नीट माहीत नाही, दुसऱ्या दिवशी आम्ही पुढं गेलो. महेशच्या वडिलांची, त्याच्या अण्णांची, छाती मशीनमध्ये उजेडासाठी जळणाऱ्या कार्बनच्या कांड्यांच्या धुरानं गेली, पण पोराचं शिक्षण होईपर्यंत खोकत खोकत उभे राहिले. रडायला वेळ कुठं होता. रिळं गुंडाळायची असायची.

म्हाताऱ्यानं आत जाऊन दोन्ही टोप्या आणि मफलर एकदम आणले. म्हणाला, याचा पिक्चर करायचा, माझा शेवटचा.

पुढं दोन महिने रोज दुपारी शूटिंग. प्राजक्तानं दिवाळीला घेतलेली मोरपंखी साडी मी पहिल्या दिवशीच नेसले. केस विंचरले, पावडर लावली. मी बोलायचे, प्राजक्ता सांगायची, तो कॅमेऱ्याला डोळा लावून. शिवलं कसं, दोर ताणले कसे, पावसात रिळांच्या पेट्यांवर पालथी पडून पेट्या कशा वाचवल्या, सगळं सांगितलं. मग एक दिवस म्हणाला, खेळाच्या आधी काय काय करायचा ते दाखवा. मी आपली सांगत सुटले. आपल्याकडं तेव्हा नावं पिक्चरच्या सुरुवातीला यायची. लांबच लांब. नावं सुरू झाली की लोक शिट्ट्या मारायचे, पडद्यावर खडे मारायचे. दोन खेळ वेळेत बसवायचे, कांड्या जळून जातात, विजेचं इंजिन बंद पडेल ही भीती. म्हणून महेशचे वडील नावं गाळून टाकायचे. थेट गोष्ट सुरू.

सांगता सांगता प्राजक्ताचा आवाज बारीक झाला, तेव्हा माझ्या ध्यानात आलं. पण तोवर शब्द गेला होता.

म्हाताऱ्यानं कॅमेरा बंद केला. डोक्यावरची कॅप काढली. "सगळी नावं?"

"सगळी."

"किती वर्षं?"

"वीस-बावीस."

तो आत गेला आणि कडी लावली.

तीन आठवडे बोलला नाही. डबा दाराशी ठेवला तर तसाच, न उघडलेला, माझ्या जिन्यात परत. मला त्याचा नाही, स्वतःचा राग यायला पाहिजे होता, पण मला त्याचाच आला. माझ्या मेलेल्या माणसावर रुसतो! त्यांनी नावं गाळली, तर त्यांचं नाव कुणी लावलं होतं? तंबूवर नाव मालकाचं, पाटीवर नाव नटीचं. गावोगावी त्यांना 'ऑपरेटर' म्हणायचे. गेले तेव्हा पण लोक म्हणाले, ऑपरेटर गेला. मी स्वैपाकघरात भांडी आपटत हे सगळं जोरात बोलायचे, खाली ऐकू जावं म्हणून. मराठीत. प्राजक्ता म्हणायची, "आई, ही इज हर्ट." म्हणलं, "असू दे हर्ट. मी काय कमी हर्ट आहे?"

पण एका दुपारी भांडं आपटता आपटता हात थांबला. कारण मी प्राजक्ताला सांगितलं ते पुरतं खरं नव्हतं. नावं ते गाळायचे असं मी सांगितलं होतं. गाळायचे मी. दुपारी रिळं गुंडाळायचं काम माझं होतं. पहिलं रीळ पुढं ओढत न्यायचं, फिल्म उजेडात धरून बघायचं, नावं कुठं संपतात आणि चित्र कुठं सुरू होतं ते हुडकायचं, तिथं कागदाची चिठ्ठी लावून ठेवायची. ते फक्त चिठ्ठीपासनं लावायचे. गेलेल्या माणसावर मी माझं काम ढकललं होतं.

मी खाली गेले. प्राजक्ता मीटिंगमध्ये होती, म्हणून एकटीच. दार ठोठावलं, उघडेपर्यंत ठोठावलं. त्याच्यासमोर उभी राहून हवेतल्या हवेत रिळाचा दांडा फिरवला, हवेतली फिल्म खिडकीकडं धरली, बोटानं चिठ्ठी लावली, आणि छातीवर हात मारला. "मी." म्हातारा माझ्या हातांकडं बघत राहिला. मग म्हणाला, "परत, मादाम." आणि कॅमेरा आणायला गेला.

प्राजक्ता आल्यावर त्यानं पहिलं हेच विचारलं, नावं कुठं संपतात ते यांना कळायचं कसं? म्हणलं, "वाचून. चौथीपर्यंत शाळा झालीय माझी. अक्षर लावत लावत वाचते. मराठी पिक्चर असला की एक एक नाव उजेडात धरून वाचायला लागायचं. शिंप्याचं, सुताराचं, कॅमेरावाल्याचं पण. अख्ख्या तंबूत ती नावं मी एकटीनं वाचलीत." प्राजक्तानं ते सांगितलं तसा म्हातारा स्टुलावर बसला आणि बराच वेळ डोळ्यांवर हात ठेवून राहिला. मग विचारलं, "ऑपरेटरचं नाव काय होतं?"

 प्राजक्ता म्हणाली, "आई त्यांचं नाव घेत नाहीत."

"का? भांडण होतं?"

"नाही, तशी पद्धत आहे. बायको नवऱ्याचं नाव घेत नाही."

म्हातारा ताडकन उठला. "म्हणजे तुमच्याकडं घरात पण नावं गाळतात!" पुन्हा भडकला. लाल मफलर नसताना भडकला. मी म्हणलं, "अहो दादा, ओरडू नका. पद्धत तोंडाची आहे, हाताची नाही." ग्रोसरीवाल्यांचा कागद पडला होता, त्याच्या मागच्या कोऱ्या बाजूवर पेन्सिलनं त्यांचं पुरं नाव लिहून दिलं. आधी त्यांचं, मग वडिलांचं, मग आडनाव. त्यानं तो कागद दोन बोटांत धरून वहीत ठेवला, ओला असल्यासारखा.

मग पिक्चर दाखवायचा तो शनिवार, लायब्ररीचा हॉल, आणि सुरुवातीला सांगितलेली ती सगळी माणसं. अंधार झाला, पिक्चर सुरू झाला. आता मी काय सांगू तुम्हाला. दोन महिने पावडर लावून बसले, आणि सबंध पिक्चरभर माझं तोंड एकदासुद्धा नाही! हात. नुसते माझे हात. दाभण धरलेले, दोर ताणणारे, हवेत रीळ फिरवणारे. मोरपंखी साडीचा काठ दोनदा, तो पण अर्धा. बीबी माझ्या कानात म्हणाली, "बहनजी, इसमें आप तो हैं ही नहीं!" म्हणलं, "चुप बैठो बीबी, मेरेकू मालूम है." रागानं मला अर्ध्या पिक्चरात काही दिसेना. मागनं मात्र कुणीतरी नाक पुसत होतं, ते ऐकू आलं.

हात थांबले. पिक्चर संपला. नावं सुरू झाली आणि त्या उंच बाईनं खटकन दिवे लावले. माणसं उठली. कोट, छत्र्या, खुर्च्यांचे आवाज. म्हातारा पहिल्या रांगेत मागं तोंड करून उभा राहिलाच होता, आणि बघत होता त्या पाठी. महेश पण उठला, फोन बघत म्हणाला, "आई, चल, नुसती नावं आहेत आता."

आणि पडद्यावर माझा कागद आला. बाकीची नावं छापील इंग्लिश, आणि मध्येच ही माझी वाकडीतिकडी पेन्सिल, पडद्याएवढी मोठी. दिव्यांमुळं फिकट दिसत होती, पण होती.

"खाली बसा सगळी!"

तो आवाज माझाच होता, पण कितीतरी वर्षांनी निघाला. भरलेला तंबू मी त्या आवाजावर बसवायचे. मराठी कुणाला कळणार होतं? पण बसली. सगळी बसली. एका माणसाचा एकच हात कोटात गेलेला, तो तसाच बसला. ऐकू न येणारा पण बसला. उंच बाईनं कुणी न सांगता दिवे घालवले. महेश तेवढा उभा होता. "आई," म्हणाला, "हे अण्णांचं..." म्हणलं, "गप. वाच." तो वाचत वाचत खाली बसला. शेवटच्या नावापर्यंत कुणी हललं नाही. म्हातारा पडद्याकडं एकदाही वळला नाही. एकेका तोंडाकडं बघत होता, सावकाश, मी फिल्म उजेडात धरून बघायचे तसा.

घरी येताना गाडीत मी भांडायला सुरुवात केली. माझं तोंड कुठंय, साडी कुठंय. त्यानं सगळं ऐकून घेतलं. मग प्राजक्ताकडनं मला सांगितलं, "मादाम, पुढच्या वेळी जरा आधी ओरडा. माझं नाव निघून गेलं होतं."

मला वाटलं चेष्टा करतोय. चेष्टा नव्हती. लिहिणारा, कॅमेरावाला, डायरेक्टर, त्याचं नाव तीनदा येऊन गेलं होतं, पाठींसमोर. मी ओरडले ते माझ्या माणसासाठी. त्यांच्या नावाला अख्खा हॉल बसला, आणि ज्यानं ते लावलं त्याचं पुन्हा गेलं. 

पुढच्या वेळी म्हणाला होता, पण पुढची वेळ आली नाही. थंडीत बाथरूममध्ये पडला, कंबरेचं हाड मोडलं, माँट्रियालहून मुलगी आली आणि घेऊन गेली. जाताना स्ट्रेचरवरनं मला म्हणाला, "उजेड, मादाम," म्हणून मी दारातनं बाजूला झाले. बेसमेंट आता रिकामं आहे. महेश म्हणतो स्टुडंट ठेवू. दारावरच्या दिव्यावर मोजा अजून तसाच आहे. पाय गार पडतो, पण काढवत नाही. दुपारी जिना उतरताना कुणी परत पाठवत नाही, गुडघ्यांना बरं आहे.

हे प्राजक्ता लिहून घेतेय, वाचणाऱ्यांना माझं एवढंच सांगणं आहे. कुठला का पिक्चर असेना, संपला की लगेच उठू नका. घरी कुणी वाट बघत असेल तर दोन मिनिटं बघेल. नावं संपेपर्यंत बसा, आणि एक तरी नाव पुरतं वाचा.